मंगलाष्टकं मामांची, अंतरपाट आजीच्या लुगड्याचा

हल्ली ‘हटके लग्न’ म्हटलं की ड्रोन, धुराचे फवारे आणि नवरीची बुलेटवरून एन्ट्री एवढंच डोळ्यांपुढे येतं. आमचं लग्न झाल्यापासून मी सगळ्यांना एकच सांगतेय: आपल्या जुन्या रीतींमध्येच केवढी तरी मोकळी जागा आहे. मंगलाष्टकं, रुखवत, उखाणे, कानपिळी ही सगळी मुळात घरच्यांचीच कामं. ती त्यांच्या हाती परत दिली की लग्न आपोआप आपलं होतं.

कायद्याचं काम आम्ही आधीच उरकलं. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याप्रमाणे विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस द्यायची, ३० दिवस थांबायचं, मग तीन साक्षीदारांसमोर सह्या. पण नोटीस तीनच महिने चालते, तारीख त्या हिशोबाने धरा. आमच्या साक्षीदारांत आजी होती, कोऱ्या इरकलीत. सह्या आधीच झाल्यामुळे वाईजवळच्या आजोळच्या अंगणात आम्हाला मुहूर्ताची घाई नव्हती.

मंगलाष्टकं मामांनी लिहायला घेतली. ते निवृत्त मराठी शिक्षक. त्यांनी आधी आम्हा सगळ्या भावंडांना ओसरीवर बसवून मंगलाष्टकांचं वृत्त, शार्दूलविक्रीडित, शिकवलं. म स ज स त त ग, म्हणजे तीन-तीन अक्षरांचे सहा गण आणि शेवटी एक गुरू (दीर्घ) अक्षर, ओळीत एकोणीस अक्षरं, बाराव्यावर यती. म्हणजे बारा अक्षरांनंतर श्वास घ्यायचा आणि उरलेल्या सातांत ओळ झोकात संपवायची. ‘कुर्यात् सदा मंगलम्’ हे बरोब्बर त्या सातांत बसतं. इतकी वर्षं अक्षता टाकताना ऐकलं, पण हे कधी मोजलं नव्हतं! नावं बसवताना खरी मजा. ‘शरद’ तिन्ही लघु (ऱ्हस्व), त्याला अख्ख्या ओळीत एकच जागा, नववं ते अकरावं अक्षर. ‘सुनीता’ला यतीनंतरच नीट बसता येतं. मामा पाटीवर लघु-गुरूच्या खुणा करत आणि माझी मावसबहीण टाळी देऊन मोजत राही. मला सगळ्यात आवडलेल्या ओळी या:

दोघांचे घर हासरे नित असो, दारी फुलो मोगरा
भाजी तो करि, ती कणीक मळिते, हा नेम पाळा बरा!

दुसरी ओळ सासूबाईंची आहे. त्यांनी फोनवर सांगितली, मामांनी फक्त ‘मळते’चं ‘मळिते’ केलं. आमच्या स्वयंपाकघरात आजही हाच नेम चालतो.

शेवटचं मंगलाष्टक आम्ही दोघांनीच म्हटलं, एकेक ओळ वाटून घेऊन. ही कल्पना मामांची, आणि त्यांनी ती घेतली महात्मा फुल्यांकडून. १८७३ मध्ये सत्यशोधक समाज स्थापन झाला, त्याच वर्षी त्या पद्धतीने भटजींशिवाय लग्न लागलं. फुल्यांनी रचलेल्या मंगलाष्टकांत वधू-वर स्वतः बोलतात, वधू स्त्रियांचे हक्क मागते आणि वर तसं वचन देतो. दीडशे वर्षांपूर्वी! हे वाचल्यावर दुसऱ्या कुणी आमच्या वतीने बोलावं असं वाटेचना.

अंतरपाट आजीच्या विरलेल्या लुगड्याचा. त्यावर लाल दोऱ्याने स्वस्तिक काकूने भरलं आणि कडेने दोन्हीकडच्या बायकांनी धावदोरा घातला. काहींचे टाके बारीक, काहींचे बोटभर लांब. एकही उसवू दिला नाही मी. आता त्याची गोधडी शिवायला दिली आहे.

रुखवतात थर्माकोलचं काहीही नको, एवढाच निरोप धाडला होता. प्रत्येक घरातून एक बरणी आणि तिच्यासोबत हाताने लिहिलेली कृती. सांडगे, कुरडया, मेतकूट, कारळ्याची चटणी, आत्याचं माईनमुळ्याचं लोणचं. आत्याच्या कागदावर प्रमाण ‘अंदाजे’ एवढंच, आणि खाली ‘चुकलं तर फोन कर’.

कानपिळीला मला भाऊ नाही म्हणून धाकट्या बहिणीने नवऱ्याचा कान पिळला. लगेच नणंद पुढे आली आणि तिने माझा पिळला. दोघींनी आपापला मान वसूल केला.

जेवण पंगतीत, पळसाच्या पत्रावळीवर. पुरणपोळी, कटाची आमटी, भरली वांगी, भजी. पहिली पंगत आम्ही दोघांनी वाढली. नियम एकच: गोड वाढून घ्यायचं तर आधी उखाणा, पुरुषांनासुद्धा. बाबांनी आयुष्यात पहिल्यांदा आईचं नाव उखाण्यात घेतलं. त्यांचा आवाज कापत होता. आई तुपाची वाटी हातात धरून तशीच उभी राहिली आणि अख्ख्या पंगतीने ‘पुन्हा, पुन्हा’चा गजर केला. त्यांनी पुन्हा घेतलं!

मामांनी लघु-गुरू मांडून दिलेला कागद मी जपून ठेवलाय. कुणाच्या घरी लग्न असेल तर मागून घ्या, फोटो पाठवते. मामा स्वतःही मदत करायला तयार आहेत, पण त्यांची अट आहे: पहिल्या चार ओळी घरच्यांनीच लिहायच्या, दुरुस्ती ते करतील. आणि दोन्हीकडची नावं आधी कळवा, जोडाक्षरं असतील तर त्यांना जास्त वेळ लागतो.