लाट दोन फूट

कमरेला डबा बांधून सरकारी घाटावर पोहायला शिकलेला माणूस समुद्राला काय भिणार, अशा गुर्मीत मी कर्नाटकातल्या मुल्कीला सर्फिंग शिकायला गेलो. आम्ही तिघं सांगलीचे: सम्या, दिन्या आणि मी. मिरजेहून पूर्णा एक्सप्रेस, वाटेत डिसेंबरातला रोडावलेला दूधसागर, उडुपीला उतरून पुढं बस. भडंगाचा डबा मडगावच्या आधीच संपला.

शांभवी नदी समुद्राला मिळते तिथलं हे गाव. शेजारच्या ससिहित्लूच्या किनाऱ्यावर २०१६ साली इंडियन ओपन ऑफ सर्फिंग ही स्पर्धा झाली होती.

पहिल्याच सकाळी दिन्यानं शिकवणाऱ्या पोराला विचारलं, "पानी कितना फूट?" सांगलीकराचा हा पावसाळी प्रश्न. कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी ४० फूट म्हणजे इशारा, ४५ म्हणजे धोका. २०१९ ला पाणी ५७ फुटांवर गेलं तेव्हा दिन्याच्या घरच्यांना होडीतून काढलं होतं. तेव्हापासून तो घाटाच्या पायऱ्या उतरत नाही.

पोरगा म्हणाला, "लहर दो फीट."

"मग पाणी पात्रातच आहे की," दिन्या आमच्याकडं वळून म्हणाला.

त्या दोन फुटांनी मला सकाळभर लोळवलं. वाळूवर पॉप-अप झकास जमायचा: तळवे बरगड्यांपाशी, एका झटक्यात उभं, गुडघे वाकलेले. पाण्यात मात्र नजर पायांकडं जायची आणि बोर्डाचं नाक बुडायचं. कृष्णा ओलांडताना वरच्या अंगाला तोंड करून हात मारत राहायचं, वाहत वाहत सांगलीवाडीला लागायचं, हे अंगात भिनलेलं. इथं नुसते हात मारून भागत नाही. लाट पाठीशी येईतो थांबायचं, मग नेमके तीन-चार हात. थांबणंच मला येत नाही, घरचेही हेच म्हणतात.

सम्या दुसऱ्या दिवशी उभा राहिला. त्याचं कौतुक त्यानं स्वतःच एवढं केलंय की माझी गरज नाही.

दिन्या दोन दिवस गुडघाभर पाण्यात. तिसऱ्या दिवशी त्यानं पायाला लीश, म्हणजे बोर्डाची दोरी, बांधून घेतली, तीनदा ओढून पाहिली आणि बोर्डावर पालथा पडला. फेसाळ लाटेनं त्याला सरळ वाळूवर आणून टाकलं. बोर्ड रुतला तरी हा कडा घट्ट धरून पडलेला. आम्ही घाबरून धावलो, तर गडी डोळे मिटून हसत होता.

"आणलं की परत," एवढंच म्हणाला. दुपारपर्यंत चौदा वेळा गेला. उभा एकदाही राहिला नाही.

जुलैत नेहमीप्रमाणं ग्रुपवर त्याचा मेसेज आला: आयर्विन, १८ फूट. लगेच त्याखाली दुसरा: घाटावर आलोय, पायऱ्या मोजतोय, या.