नळीवरचा पाय

सायलेंट कॉमेडी म्हणलं की लोकांना वाटतं नुसती पडापडी अन् पळापळी. मला तर वाटतं पडणं हा त्यातला सगळ्यात कमी मजेचा भाग आहे, खरी गंमत त्याच्या अगोदरच्या दोन-चार सेकंदात असते, जेव्हा आपल्याला कळलेलं असतं अन् त्या बिचाऱ्याला नसतं.

सिनेमाच्या अगदी सुरुवातीच्या काळातल्या फ्रान्सच्या लुमिएर बंधूंची १८९५ ची ती माळ्याची फिल्म बघा, पाऊण मिनिटाची असंल. माळी झाडांना पाणी द्यायलाय, मागून पोरगं येऊन नळीवर पाय देतं, पाणी बंद, माळी नळीच्या तोंडात डोकावतो, पोरगं पाय काढतं. आमच्या जिंतूरकडच्या मामांना मोबाईलवर दाखवली तर माळी डोकवायच्या आतच म्हणले, "त्याला वाटायलंय लाईट गेली!" अन् जे हसत सुटले, अजून तोंडावर पाणी उडायचंच होतं.

ही गंमत जमते कारण कॅमेरा लांब, पोरगं अन् माळी एकाच फ्रेममध्ये, मधे कट नाही. आजच्या सिनेमात आधी पायाचा क्लोजअप, मग तोंडाचा, मग खालून धडाम म्युझिक, म्हणजे हसायचं कधी तेपण तेच सांगणार.

चॅप्लिनची 'वन ए.एम.' (१९१६) तर सुरुवातीचा टॅक्सीवाला सोडला तर एकट्या माणसाची, पिऊन घरी आलाय अन् भिंतीतून खाली येणारा पलंग काही त्याला झोपू देईना. ते पलंगाचं मात्र जरा लांबलंय.

पण माझा माणूस बस्टर कीटन, चॅप्लिनच्याच काळातला अमेरिकन कॉमेडियन. लहानपणी स्टेजवर बाप त्याला उचलून फेकायचा, पकडायला बरं म्हणून कोटाला मागून सुटकेसची मूठ शिवलेली, अन् आपण हसलो की पब्लिक कमी हसतं हे त्याला तिथंच कळलं. १९२० च्या 'वन वीक' मध्ये नवराबायकोचं, खोक्यांतून आलेले सुटे भाग नंबरानं जोडून उभं करायचं घर असतं, जळकुट्या माणसानं खोक्यांचे नंबर बदललेले, त्यामुळं घर वाकडंतिकडं, वादळात गरगर फिरतं (खरं घर, खाली फिरता प्लॅटफॉर्म!) अन् शेवटी हलवताना रेल्वे रुळावर अडकतं. गाडी येते, दोघं डोळे झाकतात, गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते, हुश्श करतोय तोवर दुसऱ्या बाजूनं दुसरी येऊन घराचा चुराडा. म्हणजे इथं आपल्यालापण माळी केलंय त्यानं. मग कीटन त्या ढिगाऱ्यावर 'विकणे आहे' ची पाटी लावतो अन् घर कसं जोडायचं तो कागदपण तिथंच अडकवून देतो.