क्षीरसागरातलं घड्याळ

पुराणांत समुद्र सात आहेत आणि आपल्या वाट्याला नेमका खारट आला. विष्णुपुराण सांगतं, की त्याच्या पलीकडे उसाच्या रसाचा समुद्र, मग सुरेचा, मग तुपाचा, दह्याचा आणि त्यानंतर कुठे दुधाचा. एकेक समुद्र आधीच्याच्या दुप्पट. वाटेत सुरेचा समुद्र असल्यावर क्षीरसागरापर्यंत पोचणारे थोडेच असणार, ते सोडा. पण तिथे काय चाललंय याची बित्तंबातमी आपल्या स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर छापलेली असते. आषाढ शुद्ध एकादशी, देवशयनी. कार्तिक शुद्ध एकादशी, प्रबोधिनी. देव कधी आडवा झाला नि कधी उठला, दोन्ही तारखांसकट.

चार महिने झोप म्हणजे फारच झाली, असं लहानपणी वाटायचं. आमच्याकडे सुट्टीत आठ वाजेपर्यंत लोळलं तरी पांघरूण ओढलं जाई. मग कधीतरी कळलं, की आपलं एक वर्ष म्हणजे देवांचा एक अहोरात्र. उत्तरायण हा दिवस, दक्षिणायन ही रात्र. आता हिशेब करा. बारा महिन्यांचे चोवीस तास, म्हणजे महिन्याला दोन. चार महिन्यांचे किती? आठ. डॉक्टर सांगतात तेवढीच झोप, मिनिटभर इकडे-तिकडे नाही.

तेव्हापासून मला हा नाद लागला आहे. एक तिथी म्हणजे तिकडची चार मिनिटं. कांदेनवमीला आपण कांद्याची भजी संपवतो, तेव्हा देवाला गादीवर पडायला आठ मिनिटं उरलेली असतात. मग आपल्याकडे कांदा-लसूण बंद, वांगी बंद, लग्नं बंद. घरातलं मोठं माणूस झोपलं की सगळे दबकत वावरतात, तसा अख्खा चातुर्मास. दबकणं श्रावणापर्यंत बरं जमतं. भाद्रपदात गणपती येतात आणि ढोल-ताशे सुरू होतात. बरोबर त्याच धामधुमीत, गौरी गेल्यावर आणि अनंत चतुर्दशीच्या आधी, येते परिवर्तिनी एकादशी. देव कूस बदलतो तो दिवस. शास्त्रात कारण काहीही दिलेलं असो, मला त्या पथकांचाच संशय आहे.

कोजागरीला लक्ष्मी ‘कोण जागं आहे’ विचारत फिरते, तेव्हाही नवरा झोपलेलाच असतो. उठायला अजून पावणेदोन तास बाकी. आणि उठल्यावर? दुसऱ्या दिवशी द्वादशीपासून तुळशीची लग्नं सुरू होतात. म्हणजे डोळे उघडून चार मिनिटं होत नाहीत तोच माणूस बोहल्यावर! चहासुद्धा नाही. त्यात वेळ काय, तर मकरसंक्रांतीला सकाळचे सहा धरले तर कार्तिकी येते रात्री दोनच्या आसपास. या हिशेबाने धनुर्मास पहाटे चार ते सहा, आणि त्याला देवांचा ब्राह्ममुहूर्त म्हणतातच. आपणही तेव्हा धुंधुरमासाची खिचडी आणि लोण्याचा गोळा सूर्य उगवायच्या आत खाऊन घेतो. गणित कुठेतरी जुळतं, हे पाहून मी खूश.

अधिक महिना मात्र घोळ घालतो. 2023 साली श्रावण दोन आले. 29 जूनला निजलेला देव 23 नोव्हेंबरला उठला. दोन तास जास्त! त्या वर्षी मंगल कार्यालयवाले क्षीरसागराकडे कोणत्या नजरेने पाहत असतील, कल्पना करवत नाही.

आणि हे गणित प्रलयाच्या पाण्यात तर पार बुडतं. महाभारताच्या वनपर्वात मार्कंडेय ऋषी त्या एकाकार समुद्रात भटकत असतात. एका वडाच्या फांदीवर त्यांना एक मूल दिसतं. ते तोंड उघडतं आणि ऋषी आत ओढले जातात. आत गंगा आहे, हिमालय आहे, गावं, माणसं, जनावरं, सगळं जग जसंच्या तसं. शंभराहून अधिक वर्षं ते चालतात, टोक सापडत नाही. शेवटी वाऱ्याच्या झोताबरोबर बाहेर फेकले जातात, तर ते मूल त्याच फांदीवर बसलेलं. वाढलेलं नाही, कंटाळलेलंही नाही. इथे तिथीला चार मिनिटं वगैरे कोणाला सांगणार?

पण मला सगळ्यांत आवडतो तो पंढरपूरचा पेच. ज्या आषाढी एकादशीला देव शेषावर झोपतो, त्याच एकादशीला लाखो लोक त्याला भेटायला येतात. मग यात्रेच्या आधीच मंदिरातला देवाचा पलंग काढून ठेवतात. दर्शन चोवीस तास. तिकडे शेषशय्या अंथरलेली आणि इकडे पलंगच गायब! अठ्ठावीस युगं विटेवर उभा असलेला आणखी काही दिवस उभा राहतो, एवढंच. यात्रा उलगली की प्रक्षाळपूजा होते. गरम पाण्याने स्नान, पायांना लिंबू-साखर, रात्री शिणवटा जायला काढा. मग पलंग पुन्हा जागेवर. हे आषाढीनंतर आठवडाभराने, म्हणजे क्षीरसागरातल्या घड्याळात झोप लागून अर्धा तास होत आल्यावर. दोन्ही घड्याळं बरोबर कशी, असं मी एकदा आजीला विचारलं होतं. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, “त्याला माहेरही आहे नि सासरही.”