तर्री दहापर्यंतच

भर दुपारी तीन वाजता नागपूरच्या बडकस चौकात आठ-दहा जणांचा घोळका दिसला. डोक्यावर सारख्या टोप्या, गळ्यात पट्ट्या, पुढे एक तरतरीत पोरगा हातात छोटा माईक घेऊन बोलतोय. 'हेरिटेज फूड वॉक' चालला होता. पोरगा माहिती बरोबर देत होता, आवाजही छान होता. फक्त खायला घालायला त्याच्याजवळ काही नव्हतं. पोह्यांचे ठेले केव्हाच धुऊन-पुसून झाकलेले. सावजी खानावळींतली दुपारची पंगत उठलेली आणि रात्रीचं वाटण अजून पाट्यावर यायचं होतं. शेवटी एका दुकानातले सकाळचे समोसे पाहुण्यांच्या हातात पडले. त्यांनी फोटो काढले आणि मंडळी पुढे निघाली.

नागपूरचं खाणं घड्याळावर चालतं, ही साधी गोष्ट या सहली आखणाऱ्यांच्या गावीच नसते. त्यांना तीन तासांत पोहे, सांबारवडी (सांबार म्हणजे आमच्याकडे कोथिंबीर), सावजी, लांबरोटी आणि संत्रा बर्फी असं सगळं बसवायचं असतं. ते बसत नाही. पोहे पहाटेचे, वडी हिवाळ्याची, रोटी संध्याकाळची, सावजी रात्रीचं. सहल सकाळची तरी करा नाहीतर रात्रीची. दोन्हीच्या मधोमध जो येईल त्याच्या नशिबी समोसा.

सकाळची आधी घेऊ. मेट्रोने यायचं तर ॲक्वा मार्गावर चितार ओळी चौक स्टेशनला उतरायचं. तिथून महाल ही जुनी वस्ती पायी हाताशी आहे आणि वाटेत चितार ओळीत, ऋतू असला तर, मूर्तींचे सांगाडे आणि ओली माती बघायला मिळते. साडेसहाला सुरुवात, उशिरात उशिरा सातला. सहा-आठ माणसं पुरे. त्याहून जास्त नेली तर गल्लीत उभ्या दुचाकींमधून रांग लांबते, मागच्यांना पुढचं ऐकू येत नाही आणि पोहेवाल्यासमोरची नेहमीची गिऱ्हाईकं अडतात. महिने म्हणाल तर ऑक्टोबर सरता सरता ते फेब्रुवारी. मे महिन्यात नागपुरात माणसाला चालायला लावून वर तर्री पाजणं हा अतिथीधर्म नव्हे.

आता पोहे. इथले पोहे नुसते खाल्ले तर मिळमिळीतच लागतात आणि तसेच ते लागायला हवेत. जाड पोहे चाळणीत धुऊन दहा मिनिटं निथळत ठेवायचे, कांदा-मिरची-हळदीच्या फोडणीत परतायचे आणि मग वाफेवरच राहू द्यायचे. त्यात शेंगदाणे, बटाटे, साखर असली लाडकी भर घालायची नाही, कारण खरी कामगिरी वरून पडणाऱ्या हरभऱ्याच्या रश्श्याची असते. काळे हरभरे रात्रभर, निदान आठ तास, भिजलेले. भाजलेला कांदा, सुकं खोबरं, खसखस, आलं-लसूण यांचं वाटण भरपूर तेलात इतका वेळ परतायचं की कडेने तेल सुटून ते वाटणाच्या वर दिसलं पाहिजे. अर्धा किलो हरभऱ्याला वाटीभर तेल लागतं. ऐकून छाती धडधडते, पण हात आखडला की तर्री येत नाही. मग तिखट, मसाला, शिजलेले हरभरे आणि त्यावर उकळतं पाणी. पाणी गार ओतलं की रस्सा थबकतो, पुन्हा उकळी यायला वेळ जातो आणि वर येऊ लागलेलं तेल खाली विरून बसतं. नवख्यांची तर्री बहुतेकदा इथेच बिघडते. यानंतर आच मंद करून अर्धा तास कोणी ढवळायचं नाही. लाल तेल आपसूक वर येतं, तीच तर्री.

ठेल्यावरच्या माणसाचा हात बघावा. गंजात पळी पूर्ण बुडत नाही, आडवी होऊन वरच्या थरावरून निसटते. आधी पोहे, त्यावर हरभरे, मग तर्रीची धार, चिरलेला कांदा, सांबार, चिवडा, लिंबाची फोड. "भाऊ, तर्री मारू का कमी?" असं विचारलं की पाहुण्याने उगाच बहादुरी दाखवू नये. मिरचीचा तिखटपणा तेलात उतरतो, म्हणून गंजातला सगळ्यात जहाल भाग वर तरंगत असतो. कमी तिखट हवं असेल तर "खालून द्या" म्हणायचं. वाटाड्याने एवढं एक वाक्य पाहुण्यांना आधी शिकवलं तरी त्याची फी वसूल. आणि नऊ-साडेनऊनंतर गंजाचा तळ दिसू लागला की त्यात गरम पाणी पडतं, पुन्हा एक उकळी येते आणि रस्सा चालू राहतो. तो खाण्यालायक असतोच, पण तर्री संपलेली असते. दहानंतर आलेल्याला ज्याची ओळख होते ते तर्री-पोहे नव्हेत, त्यांचे दूरचे नातेवाईक.

प्लेट दोघांत एक. इथे पाहुणे चिडतात, कारण चव लागते आणि आणखी खावंसं वाटतं. वाटाड्याचं निम्मं काम माणसांना खाऊ न देण्याचं आहे. पहिल्याच थांब्यावर पोट भरलं की पुढचे चार थांबे नुसते बघायचे होतात. पाच थांबे, मधे वीस-वीस मिनिटांचं चालणं आणि सगळ्यात तिखट ते सगळ्यात शेवटी. पहिल्याच घासात जीभ भाजली तर नंतरची कढी काय आणि बासुंदी काय, सारखीच लागते. शेंगदाणा, तीळ, जवस कोणाला चालत नाहीत हे निघण्यापूर्वी विचारून घ्यावं. नागपुरी वाटणात या तिघांपैकी एक तरी हटकून सापडतं, आणि "यात काय काय आहे?" या प्रश्नाला ठेल्यावर "मसाला आहे" यापलीकडे उत्तर मिळत नाही.

या चालण्याच्या मधल्या वेळेत इतिहास सांगायचा असतो, आणि तिथे फार भेसळ होते. नागपूरची स्थापना 1702 साली देवगडच्या गोंड राजाने, बख्त बुलंद शाहाने केली. त्याच्यामागून चाँद सुलतानाने तट बांधला. त्या तटाचा जुम्मा दरवाजा आज गांधी गेट म्हणून महालात उभा आहे. पुढे भोसले आले. इतकं सांगितलं तरी दोन थांब्यांमधलं अंतर कापून होतं. पण श्रोत्यांचे डोळे चमकावेत म्हणून हल्ली दर पदार्थामागे एक राजा उभा केला जातो. वडी रघूजींच्या मुदपाकखान्यातली, बासुंदी अमुक राणीच्या आवडीची, असं काहीबाही. तर्रीला राजा लागत नाही हो. पहाटे कामावर निघालेल्या माणसाला स्वस्तात गरम आणि झणझणीत काहीतरी हवं होतं, एवढं कारण तिला पुरतं.

सांबारवडीला ऋतू लागतो. डिसेंबर-जानेवारीत सांबाराच्या जुड्या मातीमोल होतात तेव्हा घराघरांत ती होते. जुन्या घरांच्या अंगणात बाजेवर स्वच्छ धोतर किंवा लुगडं पसरून त्यावर निवडलेला, धुतलेला सांबार उन्हात टाकलेला असे. आसपास एक म्हातारी हातात काठी घेऊन चिमण्यांना आणि आम्हा पोरांना सारख्याच त्वेषाने हाकलत असे. ते वाळवणं म्हणजे पाल्हाळ नव्हे. पानांत पाणी राहिलं की सारण सुटतं, आतून वाफ धरते आणि वडी कढईत फुटते. मग सांबार तेलात पसरतो, तेल करपतं आणि पुढचा अख्खा घाणा कडू होतो. कोरडा झालेला सांबार बारीक चिरायचा. त्यात भाजलेलं सुकं खोबरं, खसखस, तीळ, चारोळी, लसूण, तिखट, मीठ. पारीसाठी बेसन आणि कणीक किंवा मैदा, कडकडीत तेलाचं मोहन, पीठ घट्ट. लाटलेल्या पारीवर चिंच-गूळ-मसाल्याचा हात फिरवायचा, मधोमध सारण दाबून ठेवायचं, चारही बाजूंनी पुडी बांधल्यागत मिटायची आणि कडा पाण्याच्या बोटाने चिकटवायच्या. तळायची मंद आचेवर, आठ-दहा मिनिटं, उलटत-पालटत. दुकानात गर्दी झाली की आच वाढते, वडी दोन मिनिटांत लाल होऊन बाहेर येते आणि पहिल्या घासाला कच्च्या बेसनाचा लगदा दाताला चिकटतो. चांगली वडी मोडताना आवाज करते आणि आतून हिरवीगार निघते. सोबत पातळ, गरम कढी. ऑगस्टमध्येही वडी मिळते, पण त्या दिवसांत जुडीचा भाव परवडत नाही आणि सारणात सांबारापेक्षा बेसनच जास्त होतं.

किराणा ओळीतून जाताना थांबून नाकाला काम द्यावं. दगडफूल, शहाजिरे, नागकेशर, भिवापूरची मिरची. इथे शिंका येणार, रुमाल जवळ असू द्यावा. हमालांच्या वाटेत मात्र उभं राहू नये, पाठीवर पोतं असलेल्या माणसाला वळसा घालायला लावणं वाईट.

सहल रात्रीची असेल तर हिशेब वेगळा. सावजी हे मूळचं हलबा कोष्टी घरांतलं खाणं. त्या वस्त्यांतून त्याच्या खानावळी निघाल्या आणि शहरभर पसरल्या. रश्श्याचा काळा रंग येतो खोबरं, कांदा, धणे, दगडफूल, खसखस हे वेगवेगळं आणि खरपूस भाजल्याने. सगळं एकाच तव्यात घातलं की खसखस जळते आणि धणे कच्चे राहतात. दाटपणासाठी कोणी भाजलेल्या ज्वारीचं पीठ लावतं. तेल पूर्वी जवसाचं. ते धूर निघेपर्यंत तापवून थोडं निवू दिल्याशिवाय त्याचा कचवट वास जात नाही. आता पुष्कळ ठिकाणी सोयाबीनचं नाहीतर शेंगदाण्याचं तेल असतं, तेव्हा वाटाड्याने कढईकडे न बघता "जवसाचं तेल" म्हणून ठोकून देऊ नये. सावजीत पाहुण्याला घाम फुटला की तो पाण्याकडे धावतो. पाण्याने काही होत नाही, तिखट पाण्यात विरघळतच नाही. भाताचा घास, दही, ताक यांनी उतार पडतो. तिघांत एक हाफ प्लेट मटण, भाकरी, कांदा, लिंबू. शाकाहारी असेल त्याला पाटोडी रस्सा. पाटोडी ताटात वाढताना रश्श्यात सोडली तरच तिची कड शाबूत राहते. तासभर आधी सोडलेली पाटोडी म्हणजे तिखट पिठलं. श्रावणात आणि एकादशीला या बाजूला येऊ नये, निम्म्या भट्ट्या थंड असतात.

लांबरोटीवाल्या संध्याकाळी बसतात. चुलीवर उपडा घातलेला काळा मटका, खाली लाकडं. वस्त्रगाळ कणीक आधी सैलसर मळायची, मग थोडं थोडं पाणी लावत परातीत अर्धा तास आपटायची. आपटणं कमी झालं की रोटी हातावरच फाटते. पीठ हवं तसं झालं म्हणजे गोळा या तळव्यावरून त्या तळव्यावर जातो, मनगटावर उतरतो, कोपरापर्यंत लांबतो आणि एका झोक्यात मटक्यावर पसरतो. मिनिटभरात फोड येतात, रोटी सुटते आणि रुमालासारखी तिची घडी पडते. मटका जास्त तापला तर ती चिकटून भोकं पडतात, कमी तापला तर चामट होते. ती तिथेच, गरम असतानाच खावी. पार्सल नेऊन घरी तिला नावं ठेवण्यात अर्थ नाही. आणखी एक. बाईच्या तोंडासमोर फोन धरून "ताई, जरा पुन्हा टाका ना, फोटो नीट आला नाही" म्हणू नये. प्रत्येक वेळी टाकायची म्हणजे पीठ जातं, लाकूड जातं. रोट्या विकत घ्या, मग टाकलेली हवी तितकी बघा.

संत्र्यांबद्दल फार सांगण्यासारखं नाही. आंबिया बहार दिवाळीच्या सुमारास ते डिसेंबरपर्यंत, मृग बहार फेब्रुवारी-मार्चमध्ये. बाकी वेळी पाहुण्याला संत्रा बर्फी द्यावी आणि विषय बदलावा.

सहल संपली की पानठेला. साधं पान खुशाल खावं. पण हल्ली काही वाटाडे 'खास नागपुरी अनुभव' म्हणून खर्रा या तंबाखू-सुपारीच्या मिश्रणाचाही थांबा ठेवतात. पोरगा प्लास्टिकवर सुपारी, तंबाखू आणि चुना टाकून तळहाताने घोटतो, ते बघायला गंमत वाटते आणि त्याचा व्हिडिओही छान येतो. सुपारीने गालाच्या आतली कातडी कडक होत जाते. आधी तिखट लागलं की तोंडात आग होते, मग तोंड दोन बोटांएवढंच उघडतं. सकाळी पोह्याच्या ठेल्यावर पंचविशीतली पोरं येतात, प्लेट हातात घेतात आणि म्हणतात, "भाऊ, तर्री नको. नुसते पोहे द्या, जरा मऊ करून."