मजघरातलं ऊन

बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या आमच्या वाड्याच्या मजघरात ऊन आपणहून फारसं यायचं नाही. सकाळी फुटक्या कौलातून एकच कवडसा उतरायचा, तोही देवघराच्या उंबऱ्याशी अडायचा. पुढचं काम आम्हा भावंडांचं. एकाने बाबांचा दाढीचा आरसा कवडशात धरायचा, दुसऱ्याने आजीच्या फणेरपेटीतला. ऊन दोनदा वळवून थेट फडताळातल्या लाडवांच्या डब्यावर सोडायचं. एरवी डब्यावर नुसता ठिपका दिसे. पण आई केर काढायला लागली की हवेत उजेडाची अख्खी तुळई उभी! आई ओरडायची, "मेल्यांनो, धुळीत काय उभे राहिलात?"

हाच उद्योग एका माणसाने मोठेपणी केला, हे फार उशिरा कळलं. व्ही. के. मूर्ती, गुरुदत्तचे कॅमेरामन. १९५९चा 'कागज़ के फूल', भारतातला पहिला सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याचा, चित्रपट. रिकाम्या स्टुडिओत वरून तिरका उतरणारा उन्हाचा झोत हवा होता. दिव्याचा झोत पुढे पसरत जातो; उन्हाच्या कडा कशा सरळ राहतात. मूर्तींनी बाहेरचं ऊन दोन मोठ्या आरशांवरून आत आणलं. त्या झोतात नायक-नायिका उभे, भोवती काळोख. चित्रपट तेव्हा साफ पडला, ती गोष्ट वेगळी.

खरं तर मला मूर्तींचा काळोखच जास्त आवडतो. 'साहिब बीबी और ग़ुलाम'मधला मुजरा बघा. मिनू मुमताज लख्ख उजेडात, आणि मागे नाचणाऱ्या सगळ्या जणी नुसत्या सावल्या. एकीचाही चेहरा दिसत नाही, तरी नजर हलत नाही.

त्यांना २००८ सालचा फाळके पुरस्कार मिळाला, कॅमेरामनला मिळालेला पहिलाच. (फाळके आमच्या कलाभवनात शिकले, हे बडोदेकर कुठेही घुसडतोच.)

आता वाडा नाही, फ्लॅट आहे. स्लायडिंगच्या खिडक्या, पांढऱ्या ट्यूबा, सगळीकडे सारखा, बेचव उजेड. परवा मात्र गोधडी झटकताना पडद्याच्या फटीतून आलेलं ऊन एकदम हवेत उभं राहिलं. बायको स्वयंपाकघरातून म्हणाली, "अहो, किती धूळ ती! गॅलरीत जाऊन झटका."

मी तिथेच अजून दोनदा झटकली.