बदली

नोव्हेंबर म्हणजे आमच्याकडे हयातीच्या दाखल्यांचा महिना. पत्रं कमी झाली, पण पेन्शनर हयात आहे ही नोंद करायला पोस्टमन आता घरी जातो. मोबाइल, अंगठ्याचं यंत्र आणि तेव्हा ७० रुपये फी. त्या दिवशी लालबागची बीट माझी नव्हती. तिथला पोस्टमन रजेवर, मी बदलीवर.

त्या पत्त्यावर पूर्वी चाळ होती. चौकातून नाव पुकारलं की माणूस नसला तरी चौघीजणी गॅलरीतून ओरडायच्या, "गावाला गेलेत, द्या इकडं." आता टॉवर. वॉचमनच्या वहीत सही, इंटरकॉम, मग बाविसावा मजला. पॅसेजभर बंद दारं. एकाच्या फटीत पोळपाट अडकवलेला.

"दार आपसूक लागतंय ओ," आजोबा म्हणाले. "आन् ही गेल्यापास्नं चपात्या कोन लाटतंय?"

गिरणीच्या साचेखात्यातला, मागावरचा माणूस. १९८२च्या संपानंतर परत कामावर घेतलेल्यांपैकी, गिरणीला टाळं लागेपर्यंत टिकलेला. अंगठा तीनदा लावला, जुळेना. म्हटलं, चेहऱ्यावरून काढू, पेन्शनचा नंबर द्या. त्यांनी प्लास्टिकची पिशवी पुढे केली. वरच दाखला होता, चौदा दिवसांपूर्वीचा.

"आजोबा, हा झालाय की. वर्षभर चालतो."

"म्हाईत हाय."

मी चिडलोच. अजून सहा घरं बाकी होती. "मग परत कशाला बोलावलंत?"

"सत्तर रुपयं हायत ना माज्याकडं."

दीड हजाराच्या आसपास पेन्शन, त्यातले सत्तर. यंत्र बाजूला ठेवून मी चहा घेतला. ते जुन्या मजल्यावरच्या खोल्या एकेक करून सांगू लागले. पाटणवाले गावी गेले, देवगडवाले खोली विकून डोंबिवलीला. दोन घरं याच टॉवरात आहेत, पण फ्लॅट लॉटरीनं वाटले. कोण कुठल्या मजल्यावर, पत्ता नाही. वॉचमनला फ्लॅट नंबर सांगावा लागतो, यांना माणसं आडनावानं ठाऊक.

निघताना पैसे नको म्हणालो, तर त्यांचा चेहरा उतरला. "फुकाट नगं. मंग पुढच्या टायमाला बोलवू कसं?"

काम केल्याशिवाय पैसे घेता येत नाहीत. मोबाइल पुन्हा काढला. "डोळे मिटा, उघडा." त्यांनी शिस्तीत मिटले, उघडले. नवा दाखला निघाला. सत्तर रुपये मोजून घेतले, पावती दिली.

बाहेर पडताना पोळपाट पायानं परत फटीत सरकवला.