पुढची रिकामी सीट

आज स्कूटी गॅरेजला अन् शाळेत पालकसभा, म्हणून लेकीच्याच बसमध्ये बसले. लातूरला औसा रोडनं वीसेक मिनिटांचा रस्ता. घरी जिची टकळी थांबत नाही ती पोरगी बसमध्ये चढली की एकदम गप्प. दप्तर पाठीवरून काढून छातीशी धरलेलं. मला वाटलं, झोप आली असेल.

मग दिसलं. ड्रायव्हरमामांच्या मागची सीट रिकामी, अन् मागं एकेका सीटवर चार-चार पोरी दाटीनं. मामा हसतमुख. "या ताई, पुढं बसा की." बसमधल्या मावशींचं विचारलं तर म्हणाले, "आठ दिवस झाले, येईनात." राज्याच्या २०११ च्या स्कूल बस नियमांत मुलींच्या बसमध्ये बाई मदतनीस हवीच, हे मला आज फोनवर शोधल्यावर कळलं. फी मात्र वेळेवर भरते मी!

रात्री भाकरी थापता थापता सहज विचारलं, "पुढं का बसत नाहीत गं तुम्ही?"
"मोठ्या ताया म्हणल्या, तिथं बसायचं नाही."
"का?"
"काही नाही."

जास्त खोदलं नाही. नुसती इंजिनची धग लागत असेल. पण मला सातवीतला आमच्या गावचा वह्यांचा दुकानदार आठवला. सुट्टे पैसे हातात नको, काउंटरवर ठेवा म्हणायचो आम्ही पोरी. आईला कधी सांगितलं नाही.

१०९८ हा मुलांच्या मदतीचा चाइल्ड हेल्पलाइन नंबर लेकीकडून पाठ करून घेतला. मोठ्या तायांपैकी एकीच्या आईशी बोलणं झालंय, सकाळी दोघी शाळेत जाणार. बसनंच. पुढच्या सीटवर.